ताईचा पाय

माझी थोरली बहीण सात वर्षं माझ्याशी बोलली नाही. चूक माझी होती. हे आधीच सांगून टाकते, कारण आमच्या पेठेत या विषयावर अजून दोन तट आहेत आणि माझ्या बाजूचे लोक मला उगाच निर्दोष ठरवतात. मी त्यांना टीव्हीवर दिसते, ताई दिसत नाही, एवढाच त्यांचा न्याय.

मी अभिनेत्री आहे. पोस्टरवर असते ती नव्हे. पोस्टरवरच्या बाईची सासू, तिची मोलकरीण, तिच्या लग्नात मोडता घालणारी शेजारीण, आणि बाळंतपणात "गरम पाणी आणा" म्हणणारी सुईण, त्या मी. पन्नासेक वर्षं हेच केलं. लोकांना माझा चेहरा ठाऊक असतो, नाव नसतं. भाजी घेताना बायका थबकतात आणि विचारतात, "तुम्ही आमच्या नात्यातल्या का हो?" मी हो म्हणते. भर रस्त्यात वाद कोण घालणार. एकदा अशाच एका बाईंनी घरी येऊन मला लग्नपत्रिका दिली होती आणि मी जाऊन जेवूनही आले.

आमच्या कामाची रीत थोडक्यात सांगते, नाहीतर पुढचं समजायचं नाही. नायिकेला गोष्ट मिळते. आम्हाला चार वाक्यं मिळतात. त्या चार वाक्यांत माणूस उभा करायचा तर तो कुठून तरी आणावा लागतो. मी आजूबाजूला दिसतील त्यांच्याकडून आणायची. दवाखान्यात नंबर येईपर्यंत पिशवीचा बंद बोटाला गुंडाळत बसलेली एक बाई मी एका सिनेमात विधवा म्हणून वापरली. पोस्टातल्या एका बाईंना शिक्का मारायच्या आधी गालात जीभ फिरवायची सवय होती, ती मी एका तुरुंगातल्या शिपाईणीला दिली. कुणाला कधी विचारलं नाही. विचारलं की माणूस सावध होतो आणि मग हाती काही लागत नाही. याला आम्ही निरीक्षण म्हणतो. ताई चोरी म्हणाली. तिचा शब्द जास्त बरोबर आहे असं आता मला वाटतं.

ताई माझ्याहून अकरा वर्षांनी मोठी. शाळेत गणित शिकवायची. आई लवकर गेल्यावर माझ्या वेण्या तिनंच घातल्या, आणि केस ओढले म्हणून रडले तर पाठीत धपाटाही तिनंच घातला. लग्नानंतर आम्ही दोघी सदाशिव पेठेतच राहिलो, मध्ये जेमतेम दोन गल्ल्या. माझी मुलगी आठ महिन्यांची होती तेव्हा मला एका सिनेमात बरं काम आलं. चित्रीकरण कोल्हापूरला, महिनाभर. यजमानांची नोकरी फिरतीची. सासूबाईंनी तर हातच वर केले. ताई शाळेतून परस्पर माझ्याकडे आली, मुलीचे लंगोट एका पिशवीत भरले आणि म्हणाली, "जा तू. मी बघते पोरीला. फक्त तिथून परत आल्यावर आपलं चुकलं म्हणून रडत बसायचं नाही." त्यानंतर दहा-बारा वर्षं माझी मुलगी अर्धीअधिक ताईकडेच वाढली. ताईची मुलगी तिच्याहून तीन वर्षांनी मोठी. दोघी एका ताटात जेवायच्या.

मुलगी दोन वर्षांची असताना तिला सणसणून ताप भरला. मी बाहेरगावी होते. ताई तिला कडेवर घेऊन डॉक्टरांकडे निघाली, आणि जिन्यात कुणी तरी पाणी सांडलेलं होतं, त्यावरून तिचा पाय सटकला. सहा-सात पायऱ्या घसरत खाली आली. पण पोरीला तिनं सोडलं नाही, छातीशी धरून ठेवलं. पोरीला ओरखडासुद्धा आला नाही. ताईचा पाय घोट्याच्या वर मोडला.

मला निरोप मिळाला, पण मी चौथ्या दिवशी पोचले. तोवर पायाला प्लास्टर चढलं होतं आणि ताई पलंगावर बसून माझ्याच मुलीला मऊभात भरवत होती. मी मुलीकडे धावले. दोन दिवस राहिले आणि परत कामाला गेले. डॉक्टरांनी ताईला सहा आठवडे हलायचं नाही म्हणून बजावलं होतं. चौथ्या आठवड्यात ती उठली, कारण माझी मुलगी गॅलरीच्या कठड्यावर चढायला लागली होती आणि तिला धरायला घरात कुणी नसायचं. हाड वाकडं जुळलं. तेव्हापासून ताई पाय ओढत चालायची. एक हात भिंतीला, पाय टाकायचा, क्षणभर थांबायचं, मग दुसरा. शाळेतल्या मुलांनी तिला नाव ठेवलं होतं, ते तिला माहीत होतं आणि ती त्यांना त्याबद्दल एकही मार्क कमी द्यायची नाही.

आता मालिकेकडे येते. साठी ओलांडल्यावर मला रोज चालणाऱ्या एका मालिकेत काम मिळालं. आत्याबाईंचं. म्हणजे विधवा नणंद, कमरेला किल्ल्या, घरातल्या सुनांचा छळ. खडकवासल्याच्या रस्त्याला एक बंगला भाड्यानं घेतला होता, तिथं चित्रीकरण. मला रोज घरी यायला मिळणार म्हणून मी खुशीत होते. पहिल्या दिवशी प्रसंगाचा कागद हातात पडला तो गरमच, नुकता छापून आलेला. तयारी करायला वेळ असा नव्हताच. दिग्दर्शक माझ्या निम्म्या वयाचा, पण बोलायला मऊ. प्रसंग तिसऱ्यांदा करून झाल्यावर जवळ येऊन हळूच म्हणाला, "मॅडम, खाष्ट वाटतेय, पण कुठंतरी पाहिलेली वाटत नाहीये हो."

हे वाक्य मला झोंबलं. एवढी वर्षं मी तेवढ्याचंच तर खात होते. बाहेर जाऊन चहा घेतला, डोक्यात काही येईना. आत आले, दिवे लागले, आणि चौथ्यांदा माझा हात आपोआप भिंतीकडे गेला. पाय ओढला. थांबले. मग हातातल्या सोन्याच्या बांगड्या एकेक करून कोपराकडे सारल्या, जसं ताई फळ्यावर गणित मांडायच्या आधी करायची, आणि म्हणाले, "आम्ही काही बोलत नाही. चालू द्या तुमचं." हे वाक्यही ताईचंच. कागदावर दुसरं होतं.

दिग्दर्शक म्हणाला, "हेच." मेकअपदादा म्हणाले, अंगावर काटा आला. खोटं कशाला बोलू, मला फार फार आनंद झाला. ताईची आठवण झाली ती संध्याकाळी घरी येताना गाडीत. मनात थोडं चरकलं. मग मी स्वतःची समजूत घातली, की ताई कुठं मालिका बघते. ती बातम्या लावते आणि बातम्या देणाऱ्यांचं मराठी सुधारत बसते.

रोजच्या मालिकेत पहिल्या दिवशी जे कराल ते गळ्यात पडतं. एक मुलगी वहीत सगळं टिपून ठेवते: हात भिंतीला, पाय ओढते, बांगड्या वर. दुसऱ्या दिवशी विसरलात तर तीच आठवण करून देते. त्यामुळे ते पुढची चार वर्षं चाललं. काही महिन्यांनी लेखकानं सहज विचारलं, "मॅडम, या आत्याबाईंच्या पायाला काय झालं असेल हो?" मी तेव्हा डबा खात होते. म्हटलं, "पडली असेल जिन्यावरून." एवढंच म्हटलं. महिनाभरानं प्रसंग हातात आला. आत्याबाई तरुणपणी भावजयीच्या तान्ह्या मुलाला जिन्यावरून ढकलायला गेली आणि देवानं तिला तिथंच शिक्षा दिली, म्हणून तिचा पाय असा. सुनेसमोर तिनं हे कबूल करायचं, तेही हसत हसत.

मी तो कागद दोनदा वाचला. तेव्हा नाही म्हणता आलं असतं. माझं वजन होतं तेवढं, लेखकानं बदलून दिलं असतं. पण प्रसंग जोरदार होता. मी केला, आणि चांगला केला.

ताईला कसं कळलं ते भाचीनं मला नंतर सांगितलं. भाजीवालीकडे एक अनोळखी बाई तिला कौतुकानं म्हणाली, "आजी, त्या आत्याबाईंची नक्कल काय हुबेहूब करता हो तुम्ही." ताईला आधी कळेचना. कोण आत्याबाई, कसली नक्कल. मग घरी येऊन तिनं टीव्ही लावला. पंधरा दिवस रोज संध्याकाळी ती समोर बसून बघत होती आणि मला एका शब्दानं कळवलं नाही. सोळाव्या दिवशी तो जिन्याचा भाग लागला. दुसऱ्या दिवशी सकाळी तिचा फोन आला. म्हणाली, "ये."

मी गेले. तिनं चहा केलेला होता. तिचा आवाज कधी चढत नसे, त्या दिवशीही चढला नाही. म्हणाली, "चालणं घेतलंस, ठीक. बांगड्या घेतल्यास, ठीक. जिना कशाला घेतलास?"

"ताई, ते लेखकानं लिहिलं."

"लेखकाला जिना कुणी दाखवला?"

मी कपात बघितलं. मग ती म्हणाली, "लोक खाल्ल्या घरचे वासे मोजतात. तू ते उपटून नेलेस आणि त्याचा मांडव घातलास." आणि मी, एवढी शहाणी, त्यावर काय बोलावं? मी म्हटलं, "अगं, पण ती तू आहेस हे कुणाला कळणारे?"

ताई माझ्याकडे वळली. म्हणाली, "मला कळलं. मी कुणीच नाही का?"

मी रडायला लागले. तिनं मला रडू दिलं. मग म्हणाली, "चहा संपव आणि जा. कप विसळायची गरज नाही." आमच्या घरात ज्यानं त्यानं आपला कप विसळून ठेवायचा अशी लहानपणापासूनची शिस्त. राहू द्या, असं फक्त पाहुण्यांना म्हणतात. मी कप तसाच ठेवून जिना उतरले.

त्यानंतर सात वर्षं. दिवाळीला मी फराळाचा डबा भाचीच्या हाती पाठवायची. रिकामा डबा परत पाठवू नये म्हणून ताई त्यात साखर घालून पाठवायची, चिवडा नाही, लाडू नाही, नुसती साखर. लग्नाकार्यात आम्ही एका रांगेत बसायचो आणि मध्ये भाची. "मावशीला विचार, कोशिंबीर हवी का," असं ताई तिला सांगायची, मी तीन फुटांवर असताना. मी एकदा पत्र लिहिलं. ते उघडलं की नाही कळलं नाही. एकदा दारापर्यंत गेले. तिनं दार उघडलं, "घरी कुणी नाही," म्हणाली आणि लावून घेतलं. दुसरं कुणी असं वागलं असतं तर मी ते कुठंतरी वापरलं असतं. या वेळी मात्र पायरीवर बसून राहिले.

त्या कामासाठी मला पारितोषिक मिळालं. मंचावर मी सगळ्यांचे आभार मानले, दिग्दर्शकाचे, दिवे लावणाऱ्यांचे, मेकअपदादांचे, वेळेवर चहा देणाऱ्या मावशींचे. ताईचे मानले नाहीत. नाव घेतलं तर तिला आवडणार नाही, असं मी मनाला सांगितलं. खरं कारण भीती. भाची पुढं कधीतरी म्हणाली, "आईनं त्या दिवशी टीव्ही लावला होता. तुझं बोलणं संपल्यावर बंद केला."

मालिका संपली. आत्याबाईंना मारलं, भिंतीवर माझा हार घातलेला फोटो लागला. असे माझे हार घातलेले सहा फोटो निरनिराळ्या भिंतींवर लागून गेलेत. मला आपलं वाटत राहिलं की आता ताईचा राग उतरेल, आत्याबाई मेली ना. पण तसं काही झालं नाही. मला एकच हवं होतं. तिनं पुन्हा मला नावानं हाक मारावी आणि कप विसळून ठेव म्हणावं. त्र्याहत्तर वर्षांच्या बाईनं एवढंच मागणं मागावं याचं हसू येईल कुणाला. येऊ दे.

गेल्या श्रावणात ताईला अर्धांगवायूचा झटका आला. उजवी बाजू गेली आणि वाचा गेली. भाची खराडीला एका मोठ्या कंपनीत आहे. महिनाभर तिनं रजा काढली, मग तिला जाणं भाग होतं. तिचा फोन आला, "मावशी, दिवसभराची बाई ठेवलीय, पण दुपारी कुणीतरी आपलं माणूस हवं."

मी म्हटलं, "ती मला नको म्हणेल गं."

भाची म्हणाली, "ती आता काहीच म्हणू शकत नाही."

मी जायला लागले. ती नको म्हणू शकत नव्हती म्हणून मी जात होते, याची लाज मला रोज जिना चढताना वाटायची. मी खोलीत आले की ताई डोळे मिटून घ्यायची. झोपलेली नसायची. मला ढोंग कळतं, माझा धंदाच तो आहे. मी तिला पेपर वाचून दाखवायची, कपडे घड्या करायची, बाईंना जेवायला पाठवायची. माफी मागावी असं रोज ओठावर यायचं. पण जिला उत्तर देता येत नाही तिची माफी मागायची, म्हणजे मीच बोलायचं आणि मीच मनातल्या मनात माफ करून मोकळं व्हायचं. ते मला करवेना. ती बरी होईल, बोलेल, मग मागेन, असं ठरवलं. डॉक्टर मात्र बोलण्याबद्दल फारसं काही कबूल करत नव्हते.

मग एका दुपारी व्यायाम घेणारी डॉक्टर पहिल्यांदाच आली. तरुण मुलगी, पाठीवर सॅक, बोलायला चटपटीत. मला बघून थबकली आणि म्हणाली, "अय्या, तुम्ही त्या आत्याबाई ना? माझी आजी तुम्हाला इतक्या शिव्या घालायची." एरवी मला याचा आनंद झाला असता. तिनं ताईचे हात आणि मोज्यांतले पाय वरवर हलवून बघितले आणि विचारलं, "आजींचा पाय आधीपासून अधू होता असं कळलं. कुठला? आणि कशा चालायच्या त्या? जुनं दुखणं कुठलं आणि नवं कुठलं, ते मला माहीत हवं. नाहीतर चुकीच्या पायावर भार पडेल."

बाई नवीन, तिला काय माहीत. भाचीला फोन लावला तर ती मीटिंगमध्ये होती, उचलेना. माझी मुलगी परदेशात, तिथं मध्यरात्र. चाळीस वर्षांपूर्वीचे कागद कुणी ठेवलेले नव्हते. मी म्हटलं, "थांबा, मी दाखवते."

चार वर्षं रोज केलेलं होतं. आठवावं लागलं नाही. मी उठले, भिंतीला हात लावला आणि उजवा पाय ओढत खोलीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालले. मुलगी म्हणाली, "बापरे, टीव्हीवर होतं तस्संच."

ताईनं डोळे उघडले होते. तिच्या घशातून आवाज यायला लागला आणि ती डाव्या हातानं गादीवर थापा मारायला लागली. मला वाटलं संतापली. तिच्या घरात, तिच्या डोळ्यांदेखत मी पुन्हा तेच करत होते. मी जवळ जाऊन म्हटलं, "ताई, या वेळी तुझ्यासाठीच केलं गं. चिडू नकोस." ती थापा मारतच राहिली. मुलगी म्हणाली, "होतं असं, पेशंट चिडतात. म्हणजे जुनं आणि नवं दोन्ही उजव्यातच आहे. डावा चांगला. आज डाव्यावर भार देऊन उभं राहायचं."

एका बाजूनं तिनं धरलं, दुसऱ्या बाजूनं बाईंनी. ताई उभी राहिली. डाव्या पायावर भार पडला, आणि पाऊल आतल्या बाजूला वळलं. ताई किंचाळली. आम्ही तिघींनी तिला कशीबशी पलंगावर बसवलं. मुलगी खाली बसून, मोजा काढून घोटा चाचपायला लागली, आणि तिचा हात थांबला. "मॅडम, जुनं फ्रॅक्चर इथं आहे. डाव्या पायात. तुम्ही तर उजवा दाखवलात."

मी ताईकडे बघितलं. ती माझ्याकडेच बघत होती, राग नव्हता तिच्या तोंडावर. दमलेली होती.

मुरगळण्यावर निभावलं. बर्फ लावला, तीन दिवस विश्रांती सांगितली. मुलगी माझ्यावर चिडली नाही, पण जाताना मला म्हणाली, "पुढच्या वेळी खात्री नसेल तर सांगा नाही म्हणून." बरोबरच होतं तिचं. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

ती गेल्यावर मी स्वयंपाकघरात जाऊन उभी राहिले. अभिनयाच्या शिबिरांत मी नव्या मुलांना शिकवते, की माणसाचं चालणं समोरून उचलू नये. समोरून उचललं की आरशासारखं होतं, त्याचा डावा तो तुमचा उजवा होतो. त्याच्या मागून चालावं, त्याच्या पावलावर पाऊल टाकावं, मगच ते चालणं आपलं होतं. हे मी सगळ्यांना सांगते. आणि ताईच्या मागून मी कधीच चालले नव्हते. नेहमी तीच माझ्याकडे यायची. माझी मुलगी आजारी पडली की ती यायची, मी दौऱ्यावर निघाले की ती यायची, आणि मी दारात उभी राहून, घड्याळ बघत, तिला समोरून येताना बघायची. तिच्याबरोबर कुठं जायला मला कधी वेळ झाला नव्हता. जो पाय माझ्या मुलीसाठी मोडला तो डावा की उजवा, हे मला माहीत नव्हतं. भाजीवालीला माहीत असेल. मी ओट्याला धरून रडले, आणि या रडण्यात कुणी बघायला नाही याचं मला बरं वाटलं.

संध्याकाळी भाची आली. मी तिला सगळं सांगितलं. मला वाटलं होतं ती भडकेल. ती खांद्यावरची बॅग तशीच धरून खुर्चीवर बसली. मग म्हणाली, "मावशी, तुला खरंच माहीत नव्हतं?"

मी नाही म्हटलं.

"आईला पहिल्याच दिवशी दिसलं होतं. टीव्ही लावला, दोन मिनिटं बघितलं आणि म्हणाली, हिला पाय माहीत नाही. मी म्हटलं फोन करून सांग तिला. तर म्हणाली, मी का सांगू, तिचं तिला कळायला हवं." भाचीनं बॅग खाली ठेवली. "मला वाटायचं, जिन्यावरूनच चिडलीय. त्यावरून चिडलीच होती. पण बोलायची ती हेच. दरवेळी. तू पारितोषिक घेतलंस तेव्हासुद्धा."

भाची माझ्यासाठी चहा ठेवायला उठली. मी नको म्हटलं आणि आत गेले.

ताई जागी होती. या वेळी तिनं डोळे मिटले नाहीत. मी पलंगाजवळ उभी राहिले. माझा आवाज मला ठाऊक आहे, तो कुठं जड करायचा, कुठं तोडायचा, सगळं मला येतं. त्यातलं काही मी केलं नाही. म्हटलं, "ताई, मला पाय माहीत नव्हता. पोरीला घेऊन पडलीस तेव्हा मी तुझ्या पायाकडे बघितलंच नाही. नंतरही कधी नाही. माझं चुकलं."

तिच्या डाव्या डोळ्यातून पाणी आलं, ते कानाकडे गेलं, आणि मी ते पुसलं नाही, कारण पुसायचा हक्क मला होता की नाही मला माहीत नव्हतं. मग तिनं डावा हात हलवला. चादरीचं टोक धरलं आणि ओढलं. चादर सहज सरकेना, तिनं पुन्हा ओढलं. मी मदत करायला हात पुढं केला तर मान हलवून नको म्हणाली. तिसऱ्यांदा चादर सरकली आणि डावा पाय उघडा झाला. तिनं बोटानं तिकडे दाखवलं.

मी पायथ्याशी बसले आणि बघितलं. घोट्याच्या वर हाड बाहेर आलं होतं, सुपारीएवढं, आणि तिथली कातडी ताणून चकचकीत झाली होती. पाऊल आत वळलेलं. टाचेला एका बाजूला जाड घट्टा, चाळीस वर्षं सगळा भार त्या एका कडेवर टाकून पडलेला. दुपारच्या मुरगळण्यानं घोटा सुजला होता. मी हळूच त्या हाडावर हात ठेवला. दुखलं असणार तिला. तिनं पाय मागे घेतला नाही.